बारा ग्रॅमचं पाकीट

नोकरीच्या पहिल्या दिवशी मी नेमणुकीचा कागद पुढे केला, तर अण्णांनी तो हातात घेतलाच नाही. टेबलावर ठेव म्हणाले. मग चष्मा कपाळावर चढवून मला खालून वर न्याहाळलं आणि विचारलं, "तुला कुणी पाठवलं?"

"आस्थापना विभागानं," मी म्हणाले.

"विभाग कुणाला पाठवत नसतो की. मानूस पाठवतो. सही कुणाची हाय?"

सही तेव्हाच्या साहेबांची होती. अण्णांनी कपाटातून साहेबांची जुनी तीन पत्रं काढली, सह्या शेजारी शेजारी ठेवल्या आणि एकेक वेलांटी ताडून पाहिली. तोवर मी उभीच. शेवटी म्हणाले, "बस. खुर्ची तुझी. ड्रॉवरची चावी सहा महिन्यांनी." ती मला आठ महिन्यांनी मिळाली.

आमचं ऑफिस सोलापुरातलं, अर्धसरकारी. त्याचं नाव मी लिहिणार नाही. अण्णांच्या हाताखाली अकरा वर्षं काढलेली बाई नावं लिहीत नसते. अण्णा आवक-जावकला होते. बाहेरून आलेला प्रत्येक कागद आवक, बाहेर गेलेला जावक. दोन्हींना नंबर, तारीख आणि शिक्का. सगळी हयात त्यांनी त्या एका टेबलाशी काढली. घर विणकरांचं, घरात तेलुगू. वडील मागावर उभे राहून गेले आणि खुर्चीवर बसणारे घराण्यातले अण्णाच पहिले. खुर्ची कोणीतरी काढून घेईल ही धास्ती मात्र त्यांच्या मनातून शेवटपर्यंत गेली नाही.

त्यांचं पेन सुतळीनं शर्टाच्या गुंडीला बांधलेलं असायचं. पेन उसनं दिलं की सही उसनी जाते, असं ते म्हणत. काम घेऊन आलेल्या पार्टीनं आणलेला चहा त्यांनी कधी प्यायला नाही. कुठल्याही फॉर्मवर रिकामी ओळ दिसली की त्यावर तिरकी रेघ मारायचे, म्हणजे मागून कुणी काही घुसडू नये. नवी पेठेत शेंगांची चटणी घ्यायला गेले तर आधी रिकामी पिशवी काट्यावर ठेवायला लावत. दुकानदार वैतागून म्हणायचा, "अण्णा, तुमच्या एका पावशेरात माझी चार गिऱ्हाइकं जातात." अण्णा शांतपणे म्हणायचे, "जाऊ द्या की. ती विश्वासाची असतील."

त्यांच्या मुलीच्या लग्नाची गोष्ट अजून ऑफिसात चवीनं सांगतात. पत्रिका वाटायला अण्णा वही घेऊन गेले होते. वहीत अनुक्रमांक, नाव, गाव आणि 'पत्रिका मिळाली' म्हणून सही. लोक हसले, सह्या करून दिल्या. लग्नात सख्खे साडू आले नाहीत आणि पुढे भेटल्यावर म्हणाले, पत्रिकाच आली नाही बघा. अण्णांनी पिशवीतून वही काढली, पान उघडलं आणि साडूंना त्यांचीच सही दाखवली. त्या दिवसापासून दोन्ही घरांचं येणंजाणं बंद आहे. काकू, म्हणजे अण्णांची बायको, हे सांगताना आधी खूप हसायच्या आणि मग म्हणायच्या, "मानसं गेली बघ, वही ऱ्हायली."

मला हा माणूस आवडायचा आणि त्याचा रागही यायचा. अकरा वर्षांत त्यांनी मला टपालातलं सगळं शिकवलं, पण मी जेवायला उठले की माझा ड्रॉवर ओढून पाहायचे, उघडा तर ठेवला नाही ना. आलेलं पाकीट फोडण्याआधी ते तळहातावर तोलायचे. "आत किती पानं हायत ते हाताला कळलं पायजे," म्हणायचे. मलाही ते जमायला लागलं. संशयाची सवय अंगवळणी पडायला वेळ लागत नाही. घरी नवऱ्याचा फोन वाजला तरी मी कान टवकारायला लागले होते.

शिकवणीत एक धडा असाही होता की तो सांगताना अण्णांनी दार लोटून घेतलं. कधीकधी साहेब लोकांना पत्र द्यायचं नसतं, पण दिल्याचा पुरावा हवा असतो. मग टपालानं पाकीट जातं. आत पत्र नसतंच. घेणारा पोचपावतीवर सही करतो आणि आपण कायद्यानं मोकळे. तो बोंबलत आला तर म्हणायचं, तुम्हीच आतलं पत्र काढून ठेवलं. "पन नुसतं रिकामं पाठवायचं न्हाई," अण्णा म्हणाले. "जुनी परिपत्रकं घालून वजन जमवायचं. पावतीवर पोस्ट वजन छापतं. कुणी बघत न्हाई, पन छापतं."

"तुम्ही पाठवलीत का अशी?" मी विचारलं.

त्यांनी दार उघडलं आणि चहा सांगितला, तोही स्वतःच्या पैशांनी.

पुढे नवे साहेब आले. एका ठेकेदाराची निविदा मुदत संपल्यावर आली होती. साहेब म्हणाले, मागल्या तारखेचा शिक्का मारा. अण्णा म्हणाले, शिक्क्याला आजचीच तारीख हाय. वर्षभरात अण्णा निवृत्त झाले. शाल, नारळ, दोन भाषणं झाली. नारळ त्यांनी कानाशी धरून हलवून पाहिला तेव्हा सगळे हसले. साहेब हसले नाहीत. आठवड्यानं कळलं की एक जुनं रजिस्टर सापडत नाही, अण्णांनी चार्ज पूर्ण दिलेला नाही, म्हणून ग्रॅच्युइटी, रजेचा पगार, पेन्शन सगळं थांबवलं आहे. ते रजिस्टर साहेबांच्या अँटी-चेंबरमध्ये आहे असा मला संशय होता. संशयाला पुरावा लागत नाही, पण बोलायला लागतो. मी गप्प बसले.

अण्णांचं घर पहिल्या मजल्यावर. जिना म्हणजे भिंतीला टेकवलेली शिडीच. काकूंचे दोन्ही गुडघे गेलेले. ऑपरेशनची तारीख निवृत्तीच्या पैशांवर ठरली होती. ती एकदा पुढे गेली, दुसऱ्यांदा गेली, मग डॉक्टरांनी तारीख देणंच थांबवलं. काकू दीड वर्ष खाली उतरल्या नव्हत्या. मी शेवग्याच्या शेंगा घेऊन गेले की खिडकीतून म्हणायच्या, "खालची भाजीवाली अजून तीच हाय का गं?"

अण्णा हायकोर्टात गेले आणि जिंकले. आठ आठवड्यांत सगळी देणी द्या, असा आदेश झाला. आठाचे तीस आठवडे झाले तरी साहेब हलले नाहीत. तेव्हा अण्णांनी कोर्टाचा अवमान केल्याची याचिका टाकली आणि साहेबांना जातीनं हजर राहायची नोटीस आली. त्या दिवशी साहेबांचा एसी सोळावर होता आणि तरी त्यांना घाम फुटला होता.

त्यांनी मला आत बोलावलं. "मॅडम, तुमच्या गुरुजींना आज स्पीड पोस्टानं पाकीट टाका. विषय, देणी मंजुरीचा आदेश, चौदा पानं. जावक नंबर आजचा."

"आदेश कुठे आहे सर?"

"होतोय. नंबर आजचा पाहिजे. पाकीट जाऊ द्या."

मी टेबलाशी येऊन बसले. लांबोडकं खाकी पाकीट घेतलं, पत्ता लिहिला. मला नाही म्हणायला हवं होतं. माझं घर माझ्या पगारावर चालतं, नवऱ्याचं दुकान बसलेलं आहे, हे खरं. पण भ्याले हेही तितकंच खरं. कपाटात जुन्या परिपत्रकांचा गठ्ठा होता. चौदा पानं मोजून घालायला मिनिटभर लागलं असतं. मी एकच कोरा कागद घडी करून घातला आणि पाकीट चिकटवलं. पोस्टात खिडकीवरच्या मुलीनं ते काट्यावर ठेवलं, पावती फाडून दिली. वजन बारा ग्रॅम. सोलापुरात पाकिटाचं वजन बघणारा माणूस एकच होता आणि पाकीट त्यालाच चाललं होतं. याहून जास्त धाडस माझ्यात नव्हतं.

पुढचं मला अण्णांच्या खालच्या मजल्यावरच्या शिंपीचाचांनी सांगितलं. पोस्टमन आला तेव्हा अण्णांनी पाकीट तळहातावर घेतलं आणि तसेच उभे राहिले. मग पोचपावतीवर सहीबरोबर लिहायला लागले: 'पाकीट बंद स्थितीत मिळाले, आत काय आहे ते ठाऊक नाही.' जागा इवलीशी, पोस्टमन कावला. अण्णांनी त्याला थांबवून घेतलं, चाचांना बोलावलं, त्यांच्याच कात्रीनं पाकीट कापलं. चाचा म्हणाले, "अण्णा, अंदर तो कुछ बी नै है. कोरा कागज है."

अण्णांनी कागद परत आत घातला आणि पाकीट घेऊन तडक नवी पेठेतल्या सराफाकडे गेले. सोन्याच्या काट्यावर पाकीट ठेवायला लावलं. सराफाला वाटलं, म्हातारा पेन्शनपायी वेडा झाला. तरी त्यानं दुकानाच्या छापील चिठ्ठीवर वजन लिहून, शिक्का मारून दिला. त्यात मिलिग्रॅमसुद्धा होते.

इकडे साहेबांनी कोर्टात प्रतिज्ञापत्र दिलं. आदेश झालेला आहे, चौदा पानांसह पाठवलेला आहे, अर्जदारानं तो घेतलेला आहे आणि आता विनाकारण कांगावा चालवला आहे. पुरावा म्हणून सोबत पोस्टाची पावती जोडली. पावतीवर काय छापलंय ते त्यांनी पाहिलं नाही, वकिलांनी पाहिलं नाही. ऑफिसात पावती म्हणजे नंबर आणि तारीख. बाकीचं कुणी वाचत नाही.

आता आमचं हायकोर्ट कोल्हापूरलाच बसतं. सुनावणीला साहेब गाडीनं गेले आणि मी जावक रजिस्टर छातीशी धरून एसटीनं. अण्णा कोर्टाच्या पायरीवर भेटले. माझ्याकडे पाहून न पाहिल्यासारखं केलं. मला वाटलं, संपलं. या माणसानं साडूला सोडलं नाही, मला काय सोडणार?

बरंचसं इंग्रजीत चाललं होतं. अण्णांच्या तरुण वकिलांनी सराफाची चिठ्ठी दिली तेव्हा मागे कुणीतरी खुदकन हसलं. मग त्यांनी साहेबांनीच जोडलेली पावती पुढे केली. न्यायमूर्तींनी ती डोळ्यांजवळ नेली आणि मराठीत विचारलं, "चौदा पानं आणि पाकीट, मिळून बारा ग्रॅम?"

साहेब वकिलांच्या कानाशी लागले. वकील म्हणाले, "जावक लिपिकाच्या नजरचुकीनं आदेश पाकिटात घालायचा राहिला. त्यांच्यावर कारवाई प्रस्तावित आहे." आणि हातानं मला दाखवलं.

तेवढ्यात अण्णा उठले. वकील त्यांची बाही ओढत होते.

"साहेब, हिची नजरचूक न्हाई," अण्णा न्यायमूर्तींना म्हणाले. "रिकाम्या पाकिटाचं वजन कसं जमवायचं ते मीच शिकवलंय हिला. अकरा वर्षं हिचा हात बगितलाय मी. हिनं वजन मुद्दामच जमवलं न्हाई. मला कळावं म्हणून."

"तुम्हाला हे कसं ठाऊक?" न्यायमूर्तींनी विचारलं.

"मी सवता पाठवलीत की, तवाच्या साहेबांच्या सांगण्यावरनं," अण्णा म्हणाले आणि मग थांबेनात. टेंभुर्णीकडची एक बाई होती. नवरा आमच्याकडे पहारेकरी होता, तो वारला. तिला कुटुंबपेन्शनसाठी मुदतीत कागद आणा असं पत्र द्यायचं होतं आणि तेव्हाच्या साहेबांना ते द्यायचं नव्हतं. अण्णांनी पाकिटात जुनं परिपत्रक घातलं. ती ते घेऊन ऑफिसात आली, नेमकी अण्णांपुढे येऊन बसली आणि म्हणाली, मला वाचता येत न्हाई, वाचून दावा. "मी वाचलं," अण्णा म्हणाले. "तुमच्या अर्जाचा विचार चालू आहे, असं वाचलं. त्यात तसं काय नव्हतंच. ती पाया पडून गेली. मुदत संपली."

साहेबांचे वकील लगेच उभे राहिले. अर्जदारानं सेवेतलं गैरवर्तन स्वतःच कबूल केलं आहे, असं म्हणाले. चोराच्या मनात चांदणं म्हणतात, ते मला त्या क्षणी अण्णांच्या बाबतीत कळलं. एवढी वर्षं ते जगावर नाही, स्वतःवर पाळत ठेवून होते. आणि आता जिंकत आलेला डाव त्यांनी माझ्यासाठी उधळला, की स्वतःच्या छातीवरचं ओझं उतरवायला? तेव्हाही मला संशय आलाच. गुरूनं दिलेली विद्या अशी जात नाही.

न्यायमूर्तींनी मला विचारलं, "पाकीट पाठवायला कुणी सांगितलं?"

साहेब माझ्याकडे बघत होते. मी म्हणाले, "साहेबांनी. आदेश नव्हता, तरी पाठवायला सांगितलं."

अण्णांचं जुनं प्रकरण आजच्या विषयात नाही, असं न्यायमूर्ती म्हणाले. आजचा विषय एवढाच की कोर्टाचा हुकूम का पाळला नाही. दोन आठवड्यांत पैसे जमा करा, नाहीतर पुढल्या तारखेला येताना घरी सांगून या. साहेबांनी उभ्या उभ्या माफी मागितली.

परतीच्या एसटीत अण्णा पुढे बसले, मी मागे. सांगोल्याला गाडी थांबली तेव्हा ते माझ्या सीटपाशी आले.

"तुम्हाला कधी कळलं?" मी विचारलं.

"सराफाकडं. आधी वाटलं, हिनं पन साहेबाची बाजू धरली. मग काट्यावर बारा बगितलं. तू आळशी न्हाईस." एवढं बोलून ते आपल्या जागेवर गेले. अकरा वर्षांत माझं केलेलं कौतुक ते एवढंच. मला रडू आलं आणि मी ते खिडकीकडे तोंड करून रडून घेतलं.

पैसे आले. काकूंचे गुडघे झाले. वॉकर धरून त्या पहिल्यांदा खाली उतरल्या तेव्हा भाजीवालीशी तासभर बोलत बसल्या. मला खुलासा मागणारं ज्ञापन मिळालं आणि रेकॉर्ड रूममध्ये बदली झाली. तिथे झुरळं आहेत, साहेब नाहीत.

एका रविवारी अण्णांचा फोन आला. "टेंभुर्णीला येतीस का? साक्षीदार पायजे."

बाईचं घर हायवेच्या मागच्या बाजूला होतं. मुलगा टेंपो चालवतो. ती अंगणात शेंगा फोडत बसली होती. सत्तरीची, बारीक, ताठ. अण्णा दारात उभे राहिले आणि पाठ केल्यासारखं सगळं एका दमात बोलून गेले. त्यांनी स्वतःच्या कबुलीचं प्रतिज्ञापत्र करून आणलं होतं. ते तिच्या अर्जाला जोडलं तर प्रकरण पुन्हा उघडण्याची आशा होती. ते जोडलं की ऑफिस अण्णांच्या पेन्शनवर उलटेल, हे वकिलांनी त्यांना तीन-तीनदा बजावलेलं. काकूंना ठाऊक होतं. काकूंनीच इस्त्रीचा शर्ट काढून दिला होता.

बाईनं सगळं ऐकलं. शेंगा बाजूला सारल्या.

"मला तवाच कळलं हुतं," ती म्हणाली.

"काय कळलं हुतं, अक्का?"

"तुमी वाचत न्हवता त्ये. कागुद उलटा धरला हुता की. वरल्या शिंव्हाचं डोसकं खाली. मला अक्षर येत न्हाई, पर शिंव्ह वळखू येतंय."

अण्णा उंबऱ्यावर बसले. तिथूनच त्यांनी विचारलं, "मग तितंच बोलला का न्हाई?"

"कुणाला बोलू? चार दिस हेलपाटं घातलं त्या हापिसात. बसा म्हननारं तुमी एकलंच निगाला. तुमाला खोटं पाडून मग कुनाकडं जाऊ?"

बाईनं प्रतिज्ञापत्र उचललं, स्टँपवरचे सिंह बघून ते सरळ केलं आणि त्यांच्यापुढे धरलं.

"ह्ये तरी नीट वाचून दावा," ती म्हणाली.

अण्णांनी चष्मा लावला. पहिल्या ओळीत त्यांचंच नाव होतं. ती ओळ त्यांना तीनदा वाचावी लागली.